वायोमिंग ते परळ : एका विजोड जोडीची कथा

विवाह जुळवितांना आमच्या समाजानें साम्याला जेवढें महत्त्व दिलें तेवढें दुसऱ्या कशालाही दिलें नसेल. पत्रिका जुळली पाहिजे, घराण्याची इभ्रत सारखी पाहिजे, वधूवरांच्या शिक्षणांत फार अंतर नको, आणि माहेरच्या व सासरच्या स्वयंपाकांतील तिखटमिठाचें प्रमाणही शक्य तों एकच असावें, अशी वडीलधाऱ्यांची दृष्टि. ही दृष्टि अगदींच टाकाऊ म्हणतां येणार नाहीं. संसार रोजचा असतो आणि रोजच्या व्यवहारांत साम्य उपयोगी पडतें. कथाकार मात्र नेमका ह्याच्या उलट वागतो. ज्यांचीं टिपणें कोणताही जोशी जुळवून देणार नाहीं अशींच दोन माणसें तो हुडकून काढतो, त्यांना एकमेकांसमोर उभीं करतो, प्रथम भांडावयास लावतो आणि अखेरीस एकत्र आणतो. गंमत अशी कीं, जो गृहस्थ स्वतःच्या मुलीच्या बाबतींत असलें साहस क्षणभरही खपवून घेणार नाहीं, तोच रात्रीं दिव्यापाशीं पुस्तक घेऊन बसला म्हणजे त्या विजोड जोडप्यास मनोभावें आशीर्वाद देत असतो.

अशा कथांचे प्रकार पुष्कळ आहेत. त्यांतील एकाच प्रकाराचा विचार येथें करावयाचा आहे : घोड्यावर बसणारा रांगडा पुरुष, शहरांतून शिकून आलेली स्त्री, आणि दोघांची गांठ घालून देणारें एखादें आडवळणाचें लहान गांव. अमेरिकेंत ह्या सांच्याच्या कादंबऱ्या शंभर वर्षांहून अधिक काळ निघत आल्या आहेत व आजही निघतात. त्यांतील बहुतेकांची योग्यता बेताचीच असते. तरीही इतिहासाच्या अभ्यासकानें त्यांच्याकडे पाठ फिरवूं नये असें आम्हांस वाटतें. कारण भिन्न प्रकृतीचीं दोन माणसें जवळ येतात तेव्हां कोणाला तरी कांहीं तरी सोडावें लागतेंच. कोणी काय सोडलें, ह्या एका प्रश्नाचें उत्तर ज्या त्या कथेंत शोधलें, तर ती कथा लिहिणाऱ्या व वाचणाऱ्या समाजाचें अंतरंग बरेंच उघडें पडतें. ह्या प्रश्नाचा माग काढीत आपणांस अमेरिकेंतील वायोमिंग प्रांतांतून निघून मुंबईच्या रंगभूमीवर व तेथून परळांत यावयाचें आहे.

‘काउबॉय’ ह्या शब्दाचा सरळ अर्थ गुराखी. परंतु आमचा गुराखी म्हणजे खांद्यावर घोंगडी, हातांत काठी आणि दिवेलागणीस गुरांच्या मागोमाग धूळ खात परतणारा पोर. अमेरिकेंतील गुराखी घोड्यावरचा, आणि त्याचा खराखुरा काळ फार थोडा. १८६५ मध्यें तेथील यादवी युद्ध संपलें तेव्हां टेक्सासमध्यें गुरें अमाप होतीं व त्यांना गिऱ्हाईक नव्हतें. रेल्वे कॅन्सास प्रांतापर्यंत येऊन पोंचली, १८६७ पासून अ‍ॅबिलीन येथें गुरांचा बाजार भरूं लागला, आणि शेंकडों मैल गुरें हांकीत तेथवर नेण्याचा धंदा सुरू झाला. महिना तीसचाळीस डॉलर पगार, उघड्यावर निजणें आणि अखंड धूळ, असें हें जिणें. ह्या लोकांत कृष्णवर्णी व मेक्सिकन स्वारांचा भरणा मोठा होता. रँच, लॅसो इत्यादि त्यांच्या धंद्यांतले शब्दही मूळचे स्पॅनिशच. १८७४ मध्यें ग्लिडन नांवाच्या गृहस्थानें कांटेरी तारेच्या कुंपणाचें पेटंट घेतलें, मोकळीं कुरणें पाहतां पाहतां अडविलीं गेलीं. आणि १८८६-८७ च्या भयंकर हिवाळ्यांत असंख्य गुरें मेलीं तेव्हां ह्या धंद्याचा कणाच मोडला. म्हणजे सारा खेळ अवघ्या वीसबावीस वर्षांचा.

खेळ संपल्यावर कादंबरी आली. ओवेन विस्टर हा फिलाडेल्फियाचा, हार्वर्ड विद्यापीठांत शिकलेला, सुखवस्तु घरांतला तरुण. प्रकृति बिघडली म्हणून १८८५ मध्यें तो हवापालटासाठीं वायोमिंगला गेला, आणि तेथील माळांनीं त्याला भारून टाकलें. पुढें १९०२ मध्यें त्याची ‘द व्हर्जिनियन’ ही कादंबरी निघाली. ती त्यानें आपला हार्वर्डपासूनचा मित्र, तत्कालीन अध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट ह्यास अर्पण केली. पहिल्या वर्षांतच तिच्या अनेक आवृत्त्या निघाल्या. १९०४ मध्यें तिचें नाटक झालें, १९१४ व १९२३ मध्यें मूकपट झाले, आणि १९२९ मध्यें गॅरी कूपर ह्यास घेऊन बोलपट झाला. गुराखी-स्वाराच्या प्रणयकथेचा सांचा ह्या एका पुस्तकानें घालून दिला असें म्हणण्यास हरकत नाहीं.

कथा अशी : व्हरमाँटमधील बेनिंग्टन ह्या जुन्या, प्रतिष्ठित गांवाची मॉली वुड ही कुलीन पण निर्धन मुलगी वायोमिंगमधील बेअर क्रीक येथें मास्तरीण म्हणून येते. नायक व्हर्जिनियाकडील, त्याचें नांव लेखकानें शेवटपर्यंत सांगितलेलें नाहीं. तो शाळेंत फारसा न गेलेला, पण हुशार, अबोल व पिस्तुलास पक्का. ती त्याला पुस्तकें वाचावयास देते, तो तिला घोडा व डोंगर ह्यांची ओळख करून देतो. येथवर सारें रम्य आहे. देणेंघेणें बरोबरीचें आहे, आणि हीच बरोबरी वाचकाला मोहिनी घालते.

पण पुढें दोन प्रसंग असे येतात कीं, तेथें ही बरोबरी तपासून घ्यावी लागते. पहिला प्रसंग गुरेंचोरांना झाडाला टांगून मारण्याचा. ही शिक्षा न्यायालयानें दिलेली नाहीं. ती गुरांच्या मालकांच्या वतीनें स्वारांनीं दिलेली आहे. नायक त्यांचा म्होरक्या, आणि मरणाऱ्यांत त्याचा जुना मित्र स्टीव्ह. मॉलीला हें कळतें तेव्हां तिचा जीव विटतो. असल्या न्यायाला न्याय म्हणावयाचें कसें, असें ती विचारते. तिची समजूत घालावयास येतो तो जज्ज हेन्री, म्हणजे नायकाचाच धनी! जेथें कायदा दुबळा असेल तेथें तो जनतेनें आपल्या हातीं घ्यावा, अशा आशयाचा युक्तिवाद तो करतो, आणि लेखकाच्या मतें तेवढ्यानें प्रश्न सुटतो. दुसरा प्रसंग लग्नाच्या आदल्या सायंकाळचा. ट्रँपास नांवाचा दुष्ट मनुष्य नायकाला गांव सोडून जाण्याचें आव्हान देतो. तूं द्वंद्वास गेलास तर आपलें लग्न मोडलें, असें मॉली निक्षून सांगते. तो जातो, ट्रँपासला ठार मारून परत येतो. आणि तो जिवंत आहे ह्या एका आनंदांत तिचा सारा निग्रह विरघळून जातो. दुसऱ्या दिवशीं लग्न.

ह्या विजोड जोडींत वांकलें कोण? नायकानें पुस्तकें वाचलीं, थोडी नागर भाषा उचलली. पण पिस्तूल कांहीं खालीं ठेवलें नाहीं. मॉलीनें मात्र आपलें मत सोडलें. प्रेम हें येथें युक्तिवादाच्या जागीं उभें केलें आहे : जी शंका तर्कानें फेडतां आली नाहीं ती आलिंगनानें फेडली. आणि ही शंका कांहीं काल्पनिक नव्हती. १८९२ मध्यें वायोमिंगच्या जॉन्सन परगण्यांत बड्या गुरेंमालकांनीं टेक्सासहून भाडोत्री बंदूकबाज आणून लहान वसाहतवाल्यांवर स्वारी केली होती. त्यांना लोकांनीं घेरलें, सरकारी घोडदळानें सोडवून ताब्यांत घेतलें, आणि अखेर शिक्षा कोणालाच झाली नाहीं. विस्टरची सहानुभूति बड्या मालकांकडे होती. ह्याच वायोमिंगनें १८६९ मध्यें, सबंध अमेरिकेच्या आधीं, स्त्रियांना मताधिकार दिला होता. आणि त्याच भूमीवरच्या ह्या गाजलेल्या कादंबरींत नायिकेच्या मताची किंमत शेवटल्या प्रकरणांत शून्य होते! झेन ग्रे ह्याच्या १९१२ सालच्या ‘रायडर्स ऑफ द पर्पल सेज’ ह्या कादंबरींतही शस्त्राविषयींचा आग्रह स्त्रीच धरते, आणि हार खाते तीही स्त्रीच.

आतां वाचक विचारतील, गुराख्यांच्या ह्या परदेशी कथेशीं मुंबईचा संबंध काय? संबंध दुहेरी आहे. पहिला असा कीं, स्वाराची प्रणयकथा आमच्याकडेही त्याच क्रमानें जन्मली. १८१८ मध्यें पेशवाई बुडाली, पागा मोडल्या, शिलेदाराच्या तलवारीला गंज चढला. त्यानंतर अर्धशतक लोटल्यावर, १८७१ मध्यें, गुंजीकरांची ‘मोचनगड’ ही मराठींतील पहिली ऐतिहासिक कादंबरी पुस्तकरूपानें आली, आणि पुढें हरिभाऊ आपट्यांनीं ह्या प्रांतांत आपलें राज्य स्थापिलें. जो स्वार दारांतून कायमचा निघून जातो तोच पुस्तकाच्या पानांतून परत येतो, असा हा नियम दिसतो. तो दारांत बांधलेला असतो तेव्हां त्याच्या घोड्याच्या चंदीचा खर्च दिसतो. तो गेला म्हणजे केवळ टापांचा आवाज आठवतो.

ह्या परत आलेल्या स्वाराची सर्वांत लोकप्रिय प्रेमकथा मात्र कादंबरींत नव्हे, रंगभूमीवर अवतरली. कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर ह्यांचें ‘संगीत मानापमान’ १९११ च्या मार्च महिन्यांत किर्लोस्कर नाटक मंडळीनें मुंबईंत रंगभूमीवर आणलें. चाली गोविंदराव टेंबे ह्यांच्या, भामिनी बालगंधर्वांची. सेनापति धैर्यधर शूर पण निर्धन. भामिनी श्रीमंताची लाडकी लेक. बापाच्या मनांत मुलगी धैर्यधरास द्यावी असें आहे. ती मात्र दरिद्री म्हणून त्याचा अपमान करते, आणि तोही मानी असल्यामुळें तो अपमान गिळीत नाहीं. मग ती वनमाला हें नांव घेऊन, गरिबाच्या वेषानें त्याच्या छावणींत जाते, आणि दागिन्यांनीं मढलेला भित्रा लक्ष्मीधर व धैर्यधर ह्यांतील अंतर आपल्या डोळ्यांनीं पाहून मनानें धैर्यधराची होते. विस्टरची मॉली आणि खाडिलकरांची भामिनी ह्या एकमेकींना ओळखणाऱ्या नव्हत; तथापि दोघींची वाट एकच आहे. दोघीही शूर पुरुषाच्या मुलखांत जाऊन त्याचें माप घेतात आणि आपला हट्ट सोडतात.

तरीही दोहोंत महत्त्वाचा भेद आहे. मॉलीनें सोडली ती न्यायबुद्धि. भामिनीनें सोडला तो श्रीमंतीचा ताठा. पहिला त्याग स्त्रीला लहान करतो, दुसरा तिला मोठी करतो. शिवाय भामिनीला कोणी जज्ज येऊन उपदेश करीत नाहीं. ती स्वतः वेष पालटून, स्वतः पाहून निर्णय करते. ‘मानापमान’ तें वर्षानुवर्षें पाहणाऱ्या कुटुंबांचें इतकें आवडतें झालें ह्याचें श्रेय संगीताला आहेच, पण थोडेंसें ह्या न्यायालाही असावें. ८ जुलै १९२१ रोजीं टिळक स्वराज्य फंडासाठीं बालगंधर्व व केशवराव भोसले ह्या दोन प्रतिस्पर्धी मंडळींच्या धुरीणांनीं ‘संयुक्त मानापमान’ मुंबईंत केलें. एकाचें गाणें लाघवी, दुसऱ्याचें तडफदार. त्या रात्रीं विजोड जोडी केवळ नाटकांत नव्हती, ती गायनांतही होती. आणि त्यानंतर तीन महिन्यांच्या आंतच केशवराव निवर्तल्यामुळें त्या प्रयोगाला आठवणींत एक हुरहुर कायमची चिकटली.

दुसरा संबंध सिनेमाचा. ज्या गिरगांवानें १९१३ मध्यें कॉरोनेशन थिएटरांत फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ पाहिला आणि १९३१ मध्यें मॅजेस्टिकमध्यें ‘आलम आरा’ हा पहिला हिंदी बोलपट पाहिला, त्याच मुंबईच्या पडद्यावर अमेरिकेचे स्वार मूकपटांतून दौडत होते. टॉम मिक्स, विल्यम हार्ट आणि तलवारबहाद्दर डग्लस फेअरबँक्स हीं नांवें त्या काळच्या पोरांना तोंडपाठ असत. फेअरबँक्सच्या ‘मार्क ऑफ झोरो’ ह्या १९२० सालच्या चित्रपटानें एका पारशी तरुणाला विशेष वेड लावलें. ते जमशेद वाडिया, इंग्रजी साहित्याचे एम. ए. व कायद्याचे पदवीधर. त्यांचे पूर्वज लवजी नसरवानजी १७३६ मध्यें सुरतेहून मुंबईस गोदी बांधावयास आले होते; त्यांच्या वंशजांनीं बांधलेलीं जहाजें इंग्रजांच्या आरमारांत होतीं. ह्या घराण्याचा परळचा वाडा म्हणजे लवजी कॅसल. तेथें जमशेद व त्यांचे धाकटे बंधु होमी ह्यांनीं १९३३ मध्यें वाडिया मूव्हिटोन काढली. भोंवतीं लालबाग-परळच्या गिरण्यांचीं धुरांडीं, मध्यें हा वाडा, आणि वाड्याच्या आवारांत घोडे, तलवारी व कॅमेरे, असें तें दृश्य असे.

येथें मेरी एव्हन्स नांवाची स्त्री आली. जन्म १९०८ चा, ऑस्ट्रेलियांतील पर्थ येथला. बाप ब्रिटिश फौजेंतील शिपाई, तो पहिल्या महायुद्धांत कामास आला. बालपणींच ती मुंबईस आली, पुढें कांहीं काळ सरहद्द प्रांतांत राहिली व तेथें घोड्यावर बसावयास शिकली. दुकानांत नोकरी, सर्कस, नाच अशा वाटांनीं ती अखेर परळास पोंचली. तिचें नांव नादिया. कंपनीनें तिला प्रथम लहान भूमिका दिल्या. मग १९३५ मध्यें ‘हंटरवाली’ निघाला. निळ्या डोळ्यांची, सोनेरी केसांची, चाबूक उडविणारी राजकन्या कोण पाहील, ह्या शंकेनें वितरक पुढें येईनात. चित्रपट लागला आणि शंका वाहून गेली. ‘मिस फ्रंटियर मेल’ १९३६ चा. त्यांत ती धांवत्या आगगाडीच्या टपावर मारामारी करते. तिच्या ‘पंजाबका बेटा’ ह्या घोड्यालाही जाहिरातींत नायकाच्या जोडीनें स्थान मिळे.

आमच्या विषयाच्या दृष्टीनें ह्या मालिकेंतील महत्त्वाचा चित्रपट होमी वाडियांनीं दिग्दर्शित केलेला १९४० सालचा ‘डायमंड क्वीन’. डायमंड टाउन नांवाचें एक लहान गांव. केदारचंद नांवाचा जुलमी अधिकारी त्याच्या छातीवर बसलेला. मुंबईंत शिकून मधुरिका गांवीं परत येते, ही नादिया. रानांत दिलेर नांवाचा डाकू. हा जॉन कावस, कमावलेल्या अंगाचा व्यायामपटु. शिकलेली स्त्री, रानटी स्वार आणि आडगांव. विस्टरचा सांचा पुरा जमला. परंतु ह्या सांच्यांतून मूर्ति निराळीच निघाली.

मॉली परक्या मुलखांत पाहुणी म्हणून आली होती; पाहुण्याला घरचा रिवाज मानावा लागतो. मधुरिका ही गांवचीच लेक, आणि लेकीला घर झाडण्याचा हक्क असतो. मॉलीचें शिक्षण म्हणजे पुस्तकें. मधुरिकेच्या शिक्षणांत मुठीचाही समावेश आहे, त्यामुळें तिची सुटका करावयास कोणी धांवून येण्याची वाट ती पाहत नाहीं. व्हर्जिनियन हा मालकांच्या बाजूचा स्वार. दिलेर हा सत्तेच्या विरुद्ध गेलेला. तेव्हां येथें स्त्रीनें आपली न्यायबुद्धि सोडण्याचा प्रश्नच येत नाहीं. ती आणि तो एकाच शत्रूशीं लढतात, आणि लढतां लढतां एकमेकांस ओळखतात. प्रेमाचे संवाद त्यांत बेताचेच आहेत. पण खांद्याला खांदा लावून लढणें हेंच जेथें प्रेमाचें बोलणें, तेथें निराळे संवाद हवेत कशाला?

हा फरक कोठून आला? आमच्या मतें तो पाहणाऱ्यांकडून आला. ‘द व्हर्जिनियन’चा वाचक पूर्वेकडील शहरांतला सुखवस्तु गृहस्थ, त्याला माळावरचा मोकळेपणा हवा होता आणि मालकी हक्कही शाबूत हवे होते. ‘डायमंड क्वीन’चा मोठा प्रेक्षकवर्ग चार आण्यांच्या बांकांवर बसणारा, आणि मुंबईपुरतें बोलावयाचें तर त्यांत गिरणगांवचा कामगार पुष्कळ. हा कामगार रत्नागिरीकडून किंवा साताऱ्याकडून आलेला. चाळीच्या एका खोलींत दहापंधरा पुरुष गाळ्यानें राहात, खानावळींत जेवत, आणि बायकामुलें गांवीं. त्याचा संसार मुळांतच दोन ठिकाणीं तुटलेला : तो शहराचा, ती गांवाची. त्याला सभा, संप, भोंगा व घड्याळ ठाऊक. तिला पाऊस, भात व सावकार ठाऊक. गणपतीला किंवा होळीला तो घरीं जाई तेव्हां दोन निराळ्या मुलखांतलीं माणसें एका उंबऱ्यावर भेटत. म्हणजे विजोड जोडीची कथा त्याला परदेशांतून आणावी लागत नव्हती. ती त्याच्या घरचीच होती. आणि जुलमी कारभाऱ्याची कथाही घरचीच : १९२८ चा गिरण्यांचा संप सुमारें सहा महिने चालला व त्यांत दीड लाखांच्या आसपास कामगार होते. शहर शिकून गांवीं परतणारें कोणी तरी गांवचा जुलूम मोडतें, ही कल्पना अशा माणसाला सुखवील हें उघड आहे.

सुशिक्षित वर्गानें ह्या ‘स्टंटपटां’ची संभावना हेटाळणीनें केली. त्यांत अतिशयोक्ति होती, भडकपणा होता, आणि कथानकाला शेंडाबुडखा बेताचाच असे, हें सर्व खरें. पण भामिनीचा वेषपालट तरी कोणत्या तर्कशास्त्राला धरून होता? बालगंधर्वांच्या शालूखालीं झांकलेली अशक्यता रसिकता ठरली, आणि नादियाच्या चाबकानें उघडी पाडलेली अशक्यता थिल्लरपणा ठरली, ह्यांत कलेच्या निकषाबरोबर बांकांच्या दराचाही थोडा हात होता. जमशेद वाडियांसारखा इंग्रजीचा एम. ए., जो पुढें मानवेंद्रनाथ रॉय ह्यांच्या विचारांचा अनुयायी झाला, तो असल्या चित्रपटांत केवळ पैशासाठीं पडला असेल असें म्हणणें त्याच्यावर अन्याय करणारें आहे.

१९४२ मध्यें दोघे भाऊ विभक्त झाले. होमींनीं बसंत पिक्चर्स ही संस्था काढून आपल्या आवडीचा मार्ग चालू ठेवला. परळच्या त्या आवारांत व्ही. शांताराम ह्यांचें राजकमल कलामंदिर उभें राहिलें. पण आमची कथा येथें संपत नाहीं; तिचा सर्वांत गंभीर भाग पडद्याच्या मागें घडला.

नादियाला धांवत्या गाडीवर चढविणारे दिग्दर्शक होमी वाडिया आणि स्वतः नादिया ह्यांचें परस्परांवर प्रेम जडलें. तो जहाजबांधणीच्या जुन्या पारशी घराण्यांतला, तिच्याहून तीन वर्षांनीं लहान. ती गोऱ्या शिपायाची ख्रिस्ती मुलगी, सर्कशींतून आलेली, पदरीं एक मुलगा असलेली. होमींच्या मातोश्रींचा ह्या विवाहास सक्त विरोध होता. त्या विरोधाला केवळ म्हातारपणचा हेका म्हणणें बरोबर होणार नाहीं. रतनजी दादाभाई टाटा ह्यांच्या फ्रेंच पत्नीनें जरथोस्ती धर्म स्वीकारला होता. तिच्या प्रकरणावरून उठलेल्या दाव्यांत मुंबईच्या उच्च न्यायालयानें १९०८ मध्यें अशी बाहेरची स्त्री पारशी समाजांत गणली जाणार नाहीं असा निर्णय दिला, आणि त्या निर्णयाची सांवली त्या लहानशा समाजावर पुढें कित्येक वर्षें राहिली. नागरी विवाहाचा १८७२ चा कायदा म्हणे, भिन्नधर्मीयांना लग्न करावयाचें तर आपण अमुक धर्माचे नाहीं असें आधीं लिहून द्या. ती अट १९५४ च्या कायद्यानें गेली. पण कायदा मोकळा झाल्यावरही तीं दोघें थांबलीं. आईच्या पश्चात्, १९६१ मध्यें, त्यांनीं लग्न केलें. त्या वेळीं होमी पन्नाशीचे आणि नादिया त्रेपन्न वर्षांची होती.

येथें विस्टरशीं तुलना केल्यावांचून राहवत नाहीं. विजोड जोडीचा सांचा जगाला देणाऱ्या त्या लेखकानें स्वतः १८९८ मध्यें लग्न केलें तें नात्यांतल्याच, आपल्याच वर्तुळांतल्या एका सुशिक्षित स्त्रीशीं. माळावरच्या वेगळेपणाची ओढ त्यानें कागदापुरतीच ठेवली. होमींनीं उलट केलें. त्यांच्या चित्रपटांत प्रेमाचे प्रसंग थोडे, मारामाऱ्या फार. प्रेम त्यांनीं आयुष्यासाठीं राखून ठेवलें. ज्या स्त्रीनें पडद्यावर एका कोलांटींत दहा गुंड लोळविले, तिला एका वृद्ध स्त्रीच्या नकारापुढें पंचवीस वर्षांच्या घरांत थांबावें लागलें. आणि ज्या पुरुषानें असले प्रसंग रचले, त्याला आईचें मन मोडण्याची कोलांटी जमली नाहीं, किंवा ती त्याला मारावीशी वाटली नाहीं. हा भ्याडपणा होता कीं प्रेमाचीच दुसरी बाजू होती, ह्याचा निकाल बाहेरच्यानें द्यावयाचा नसतो. पण दोघांनीं एकच वस्तु दिली, आणि सारख्या मापानें दिली. ती म्हणजे तारुण्याचीं वर्षें. दोघांपैकीं कोणीही दुसऱ्याला आपल्यासारखें करून घेतलें नाहीं. लग्नानंतर सात वर्षांनीं, १९६८ मध्यें, साठीच्या घरांतली नादिया ‘खिलाडी’ ह्या चित्रपटांत पुन्हा पडद्यावर आली, आणि तोही चित्रपट होमींचाच. १९९६ मध्यें ती वारली. होमी २००४ पर्यंत हयात होते.

तात्पर्य, विरुद्ध प्रकृतीच्या प्रेमिकांची कादंबरी हातीं आली म्हणजे तीं दोघें एकत्र येतात कीं नाहीं हें पाहण्यांत फारसें स्वारस्य नाहीं. लेखकानें त्यांना एकत्र आणण्याचा विडाच उचललेला असतो. पाहावयाचें तें एवढेंच कीं, शेवटल्या पानावर दोघांनाही आपापली वाचा शिल्लक आहे काय. बेअर क्रीकच्या मास्तरणीची ती राहिली नाहीं, आणि त्या सुंदर कादंबरीला लागलेला हा डाग तिच्या सव्वाशे वर्षांच्या लोकप्रियतेनेंही पुसला नाहीं. भामिनीनें ताठा टाकला, पण वाणी राखली. परळच्या वाड्यांत रचलेल्या भडक कथेंत स्त्रीचा आवाज स्वाराच्या आवाजाइतकाच खणखणीत राहिला, आणि ती कथा रचणाऱ्यांनीं स्वतःच्या आयुष्यांतही तीच बरोबरी पाळली. घरांत सुना-जांवई निवडतांना साम्य पाहावें, अवश्य पाहावें. पण जेथें भेद आलाच तेथें तो मोडून काढणें म्हणजे संसार नव्हे, हें ज्यांना शिकावयाचें असेल त्यांनीं वायोमिंगपर्यंत जाण्याचें कारण नाहीं. लालबागच्या भोंग्याच्या टप्प्यांतच तो धडा गिरविला गेलेला आहे.